तहानेचा पोखरा

एका राज्यात एक प्रश्न होता, आणि तो केरू ओताऱ्याच्या डोक्यात राहत होता. दादाला खरंच तहान लागली होती का?

केरूने तो वहिनीला विचारला, आळीतल्या ओताऱ्यांना विचारला. दादाची राख नदीत सोडली, तेव्हा नावाड्यालाही विचारला. वहिनी रडली. ओताऱ्यांनी माना खाली घातल्या. नावाडी म्हणाला, पोरा, बूड टेकून बस, नाव हलते. 

त्या राज्यात पोखरे होते. पोखरा म्हणजे किडा नव्हे, भूतही नव्हे. त्याला पाय नाहीत, पंख नाहीत, सावली नाही. पोखरा हा नुसता एक प्रश्न असतो. तो कानातून आत शिरतो, मनात घर करतो आणि उत्तरांवर जगतो. माणूस एक उत्तर देतो, पोखरा ते खातो आणि पुन्हा तेच विचारतो. उत्तरे संपली की तो आठवणींना तोंड लावतो. आधी लांबच्या, मग जवळच्या. शेवटी माणूस उंबऱ्यावर बसलेला असतो, डोळे उघडे असतात, पण आत कोणी नसते.

हे पोखरे आपोआप आले नव्हते. महाराज मेघकेतूंच्या आजोबांनी एका जादूगाराचा तरणा मुलगा मारला होता. जादूगार दरबारात आला आणि त्याने विचारले, माझा मुलगा का मारलास? राजा बोलला नाही. जादूगाराने तीनदा विचारले, राजा तीनदा गप्प राहिला. तेव्हा जादूगार म्हणाला, “मला जसं उत्तरावाचून ठेवलंस, तशीच तुझी प्रजा राहील.” एवढे बोलून तो डोंगरावर निघून गेला. त्याच घटकेला मनोऱ्यावरची राजघंटा तडकली. त्या घंटेच्या नादापुढे पोखरा टिकत नसे. नाद बंद झाला आणि पोखरे आले.

तीन पिढ्या गेल्या. महाराज मेघकेतूंनी घंटा नव्याने ओतायचे ठरवले आणि काम म्हादू ओताऱ्याला सांगितले. मुहूर्त ठरला. सूर्य मावळायच्या आत घंटा ओतली गेली पाहिजे, आणि ज्याच्या हातून चूक होईल त्याचा हात तोडला जाईल, असा हुकूम निघाला.

म्हादू म्हणजे केरूचा दादा. म्हादूने मेणाची घंटा घडवली, तिच्यावर मातीचे लेप चढवले, साचा तयार झाला. आता साचा तीन दिवस, तीन रात्री गोवऱ्यांच्या धगीत ठेवायचा. मेण वितळून वाहून जाते, माती हाडासारखी वाळते, मग पोकळीत वितळलेले कासे ओततात. धग राखायचे काम केरूचे. तिसऱ्या दिवशी जत्रेत कुस्त्या होत्या. हलगी वाजली आणि केरूचे पाय फुरफुरले. त्याने वेळेआधीच गोवऱ्या पसरून धग विझवली, साच्यावर हात फिरवला, म्हणाला, “दादा, वाळला,” आणि पळाला.

कुस्त्या बघून तो परत आला तेव्हा मूस लाल झाली होती, कासे वितळले होते. ओतायच्या आधी ओतारी साच्याला गाल लावतो. हाताला फसवता येते, गालाला येत नाही. साच्यात ओल असेल तर गालाला गारवा कळतो. ओल्या साच्यात तापलेले कासे पडले की आत वाफ कोंडते आणि साचा फुटतो.

म्हादूने गाल लावला. जरा वेळ तो तसाच राहिला. मग म्हणाला, “केरू, तहान लागलीय. तांब्याभर पाणी आण. वरच्या विहिरीचं.”

भट्टीशेजारी रांजण भरलेला होता. वरची विहीर टेकडीपलीकडे. पण दादाने सांगितले म्हणजे केरू पळाला. पाणी घेऊन तो उतरणीला लागला आणि खाली भट्टीवर साचा फुटल्याचा मोठा आवाज झाला. तांब्या हातातून सुटला, दगडावर आपटला, त्याला पोचा पडला.

दादाला तहान लागली असेल, तर तो अपघात होता, आणि केरू पळत जरा लवकर आला असता तर दादा दोन घोट पिऊन तरी गेला असता. दादाला तहान लागली नसेल, तर गालाला गारवा कळला होता, केरूचा हात वाचावा म्हणून दादाने कोणाला काही सांगितले नाही, आणि केरूचा जीव वाचावा म्हणून त्याला टेकडीपलीकडे धाडले. केरू रोज सकाळी एक उत्तर द्यायचा आणि रोज संध्याकाळी दुसरे. पोखरा दोन्ही खायचा.

घरात दुसरा पोखरा होता. सगुणा वहिनी उंबऱ्यावर बसून विचारायची, “भावजी, त्या सकाळी ते मला हाक मारून गेले का?” केरू म्हणायचा, हो वहिनी, मारली हाक. ती मान डोलवायची आणि पुन्हा विचारायची. केरूला वाटायचे, आपण तिला धीर देतो आहोत. महिन्याभरात ती भाकरी थापायची विसरली. मग आईचे नाव विसरली.

आणि पुन्हा दवंडी आली. जो कोणी घंटा ओतेल त्याने पुढे यावे. ओतारआळीतला एकही माणूस हलला नाही. केरू भर चौकात ओरडला, “मी ओततो.”

लोक हसले. कोणीतरी म्हणाले, “ज्याला चार गोवऱ्या राखण्यापलीकडे काही येत नाही, तो राजघंटा ओतणार.” केरूने त्याला उचलून हौदात टाकले. शिपायांनी केरूला धरून महाराजांपुढे उभे केले.

महाराज मेघकेतूंच्या डोक्यातही एक पोखरा होता. दरबारातले किती जण मला मनातून राजा मानतात? ते बोलता बोलता तोंडे मोजत आणि विसरून पुन्हा मोजत.

“तुला ओतता येतं?”

“दादाचं पाहिलंय, महाराज.”

“चूक झाली तर?”

“हात तोडा. तो तसाही उसना आहे.”

महाराजांनी त्याला अमावास्येपर्यंत मुदत दिली. केरू भट्टीवर आला आणि फुटक्या साच्याच्या खड्ड्याशी बसला. तेव्हा लिंबाच्या फांदीवरून एक साळुंकी बोलली.

“ओताऱ्या, तुझं तोंड डोक्याच्या आधी धावतं.”

शाप लागल्यापासून त्या राज्यातले काही पक्षी माणसांसारखे बोलत. ते स्वतःच्या मनचेही बोलत, पण माणसाचे ऐकलेले शब्द ते त्याच्याच आवाजात, जसेच्या तसे परत करीत, आणि त्यात खोट नसे.

“त्या दिवशी मी याच फांदीवर होते,” साळुंकी म्हणाली. “तू टेकडीकडे पळालास. मग तुझा दादा काही बोलला. मी ऐकलं.”

केरू ताडकन उठला. “काय बोलला?”

“आधी काम. जुन्या रीतीची माती आणि जुन्या रीतीचं मेण असल्याशिवाय ही घंटा नादायची नाही. माती पोखरे जिथं पाणी पितात त्या तळ्याची. मेण जादूगाराच्या डोंगरावरच्या पोळ्याचं. तिसरं काम साचा तयार झाल्यावर सांगेन.”

“आणि दादाचं बोलणं?”

“तुझी वहिनी अमावास्येपर्यंत तुझ्या दादाला विसरेल,” साळुंकी म्हणाली. “मग ती कशासाठी उठेल?”

केरूने पाटी उचलली.

तळे दोन कोसांवर होते. साळुंकीने एकच गोष्ट बजावली होती: काहीही विचारले तरी उत्तर द्यायचे नाही. केरू भर दुपारी गुडघाभर पाण्यात शिरला. तळ्यावर वारा नव्हता, पण पाणी कुजबुजत होते. पाटीत किती माती मावते? तुझ्या घराला दारे किती? केरूने ओठ चावले आणि गाळ उपसला. दात मोजलेस का कधी? आई कशाने गेली? त्याच्या कानात मुंग्या चालल्यासारखे झाले. पाटी भरली. तो काठाकडे वळला आणि पाण्याने सहज, शेजाऱ्याने विचारावे तसे विचारले, “ही माती कोणासाठी रे?”

“दादासाठी,” केरू म्हणून गेला.

एक चावा बसला. दुखले नाही. काठावर आल्यावर त्याने दादाचे सगळे आठवून पाहिले. दादाचा चेहरा होता, हात होते, चालणे होते. दादा हसायचा कसा, ते नव्हते. तिथे भिंतीत भोक पडावे तसे झाले होते. केरू चिखलात बसून ओक्साबोक्शी रडला, आणि मग पाटी डोक्यावर घेऊन चालू लागला.

जादूगाराच्या डोंगरावर वाटेच्या दोन्ही बाजूंना दगड होते, माणसांएवढे. ती माणसेच होती. जादूगार पोळ्याखाली बसलेला असे आणि येईल त्याला आपला प्रश्न विचारी. कोणी म्हणे, तुझा मुलगा चोर असेल. कोणी म्हणे, राजा भ्याला असेल. कोणी म्हणे, देवाची मर्जी. उत्तर देणारा दगड होई.

जादूगार इतका म्हातारा होता की मधमाश्या त्याच्या दाढीवरून चालत. त्याने डोळे उघडले. “माझा मुलगा का मारला?”

केरू उभा राहिला. त्याच्या जिभेवर चार उत्तरे आली, कारण त्याच्या जिभेवर नेहमीच काहीतरी येई. मग त्याला वहिनी आठवली, आणि हो वहिनी, हो वहिनी म्हणणारा तो स्वतः आठवला.  तो जादूगाराशेजारी खाली बसला.

“मला ठाऊक नाही, बाबा,” तो म्हणाला.

जादूगार थांबला. तीन पिढ्यांत असे कोणी म्हणाले नव्हते.

केरूने विचारले, “काय नाव होतं त्याचं?”

“सुमंतक,” जादूगार म्हणाला. “त्याला गूळ फार आवडायचा. मुंग्यांसारखा शोधून काढायचा.”

मग दोघे बसून राहिले. केरूने दादाचे सांगितले. जादूगाराने मुलाचे सांगितले. ऊन उतरले. कोणी कोणाला काही समजावले नाही. शेवटी जादूगाराने पोळ्याला हात लावला, माश्या बाजूला झाल्या, आणि त्याने मेणाची ढेप काढून केरूच्या ओच्यात ठेवली. केरू उतरला तेव्हा वाटेवरचे दगड तिथेच होते, पण त्यांच्यावर दव यावे तसा घाम आला होता.

घरी वहिनी उंबऱ्यावर होती. तिने केरूकडे पाहिले आणि विचारले, “तुम्ही कोण?” मग लगेच म्हणाली, “ते मला हाक मारून गेले का?”

केरूच्या ओठांवर हो आले. त्याने ते गिळले. “वहिनी, मला ठाऊक नाही. मी तेव्हा झोपलो होतो.” ती जरा दचकली. पोखऱ्याला त्या दिवशी उत्तर मिळाले नाही, म्हणून त्याने तिचे माहेरचे अंगण खाल्ले. पण दादाला त्याने अजून तोंड लावले नव्हते.

केरूने मेणाची घंटा घडवली. घंटेच्या आत, जिथे कोणाची नजर जात नाही, तिथे ओतारी आपला अंगठा दाबतो. केरूने अंगठा दाबला, लेप चढवले, साचा गोवऱ्यांत ठेवला आणि साळुंकीला हाक मारली.

“तिसरं काम सांग.”

“ज्याच्या डोक्यात पोखरा, त्याने ओतलेली घंटा पोखरलेलीच निघते. ओतायच्या आधी तुझा पोखरा मेला पाहिजे.”

“मग सांग ना दादा काय बोलला. उत्तर मिळालं की मरेल.”

“वहिनीला किती उत्तरं दिलीस? तिचा मेला?”

केरूने एक गोवरी धगीत सारली.

“पोखरा फक्त उपाशी मरतो,” साळुंकी म्हणाली. “तीन दिवस, तीन रात्री मी इथं बसेन. माझ्या गळ्यात तुझ्या दादाचे शब्द आहेत, आणि ते बाहेर यायला धडपडतात. तो माझा शाप. तू ‘सांग’ म्हणालास की मी सांगेन. नवी घंटा वाजली की पहिल्याच ठोक्याला आम्ही पक्षी मुके होऊ. मग ते शब्द कोणाचेच नाहीत.”

“म्हणजे कधीच कळणार नाही?”

“कधीच नाही.”

पहिल्या दिवशी साळुंकी हसली. ते दादाचे हसणे होते, आधी नाकातून, मग खांदे हलवत यावे तसे. तळ्यात गेलेले हसणे पुन्हा कानावर पडले आणि केरू जमिनीवर आडवा झाला. पण त्याने विचारले काही नाही. त्याने गोवऱ्या सारख्या केल्या.

दुसऱ्या दिवशी साळुंकी दादाच्या आवाजात म्हणाली, “केरू.” एवढेच. केरूने “ओ” दिली, त्याला राहवले नाही. पण ओ म्हणजे उत्तर नव्हे. डोक्यात पोखरा भिंतींवर नखे घासत होता. तो केरूच्या आठवणी खाऊ लागला. कुस्त्यांचे मैदान गेले, मित्रांची नावे गेली. केरूने जाऊ दिली.

तिसऱ्या दिवशी शिपाई आले. महाराज स्वतः आले, कारण त्यांना सकाळपासून स्वतःच्या राणीचे तोंड ओळखू येत नव्हते. शेजारीण धावत आली, म्हणाली, सगुणाने पेटीतून मंगळसूत्र काढून हातात धरलंय आणि विचारतेय, हे कोणाचं.

“ओत,” महाराज म्हणाले.

केरूने धग बाजूला केली आणि साच्याला गाल लावला. वरून साचा तापलेला होता. त्याने गाल खाली नेला, घंटेच्या ओठाशी. तिथे जरासा गारवा होता, तांब्याच्या बुडाला असतो तेवढा.

“महाराज, साचा ओला आहे.”

“सूर्य कलला. आज अमावास्या.”

“कलू दे. साचा ओला आहे.”

महाराजांनी तलवार उपसली आणि केरूच्या उजव्या मनगटावर टेकवली. केरूने दुसऱ्या हाताने गोवरी उचलून धगीत सारली. त्याच वेळी फांदीवरून दादाचा आवाज आला. “केरू, तहान लागलीय. तांब्याभर पाणी आण. वरच्या विहिरीचं.” आणि मग साळुंकीने श्वास घेतला. तिच्या गळ्याचे पीस न् पीस थरथरत होते. इथवरचे केरूला ठाऊक होते. पुढचे दादा बोलला होता, केरूची पाठ वळल्यावर.

“सांगू?” साळुंकीने विचारले.

केरूने तोंड उघडले. सगळे त्याच्याकडे पाहत होते. त्याने तोंड मिटले आणि दुसरी गोवरी सारली. मग तिसरी. त्याच्या डोक्यात काहीतरी आपटले, फडफडले आणि सुकलेल्या शेंगेसारखे हलके होऊन पडले. महाराजांनी तलवार बाजूला घेतली. का उपसली ते त्यांना आठवेना.

सूर्य टेकडीला टेकला तेव्हा केरूने पुन्हा गाल लावला. वर लावला, मधे लावला, ओठाशी लावला. गाल भाजला. तो म्हणाला, “वाळला.” या वेळी तो तिथेच उभा राहिला. त्याने आणि चार ओताऱ्यांनी मूस उचलली आणि कासे ओतले. साच्याने ते घोटाघोटाने घेतले. आत गुरगुर झाली, केरूने डोळे मिटले नाहीत, आणि गुरगुर थांबली.

घंटा निवायला रात्र गेली. सकाळी साचा फोडला, घंटा मनोऱ्यावर चढवली. लोलकाचा दोर केरूच्या हातात दिला. साळुंकी मनोऱ्याच्या कठड्यावर येऊन बसली.

“शेवटचं विचारते,” ती म्हणाली.

“तू थकली असशील,” केरू म्हणाला, आणि दोर ओढला.

नाद आधी दगडातून आला, मग हाडांतून. पोखरे माणसांच्या कानांतून भुशासारखे गळून पडले आणि वाऱ्याने उडाले. डोंगरवाटेवरचे दगड उठून बसले आणि आपापल्या गावाला गेले. पोळ्याखालचा जादूगार हसला, मुलाचे नाव घेतले आणि झोपला. माश्यांनी त्याच्यावर मेण चढवले. महाराज तोंडे मोजायचे थांबले आणि आजोबांनी जे मोडले त्याची माफी त्यांनी भर चौकात मागितली. पोखऱ्यांनी खाल्लेले कोणाला परत मिळाले नाही, पण उरलेले उरले. साळुंकीने चोच उघडली. तिच्यातून नुसती किलबिल आली. ती दोनदा मान झटकून उडून गेली.

केरू घरी आला तेव्हा चुलीतून धूर येत होता. वहिनी भाकरी थापत होती, वेडीवाकडी, नव्याने शिकल्यासारखी. दादाने घातलेले मंगळसूत्र तिने पदराच्या गाठीत बांधले होते, आणि कोण कोणाचे ते शेजारणीने तिला पुन्हा सांगितले होते, साळुंकीचेही.

“भावजी, जेवून घ्या,” ती म्हणाली. जरा वेळाने तिने विचारले, “साळुंकी काय म्हणाली शेवटी?”

“विचारलं नाही, वहिनी.”

वहिनीने भाकरी उलटली. “बरं केलंत.”

जेवण झाल्यावर केरूने फडताळातून तो पोचा पडलेला तांब्या काढला, राखेने घासला आणि टेकडी चढून वरच्या विहिरीवर गेला. तांब्या काठोकाठ भरून तो उतरणीला लागला. या वेळी तो पळाला नाही. हाताच्या तळव्याने तांब्याचे तोंड झाकून, एकेक पाऊल जपून टाकीत तो भट्टीवर आला. फुटक्या साच्याच्या खड्ड्याशी, दादा जिथे उभा होता तिथे तो उभा राहिला.

“दादा, पाणी,” तो म्हणाला.

त्याने पाणी हळूहळू ओतले. माती तापलेली होती, तिने शेवटच्या थेंबापर्यंत सगळे पिऊन घेतले. केरूने तांब्या झटकला, तिथेच पालथा घातला आणि घराकडे निघाला.